पडद्यावरचा सावेलीदादा

कलुगा, १२ सप्टेंबर १९०९

ती. सावेलीदादास,
शि. सा. न. वि. वि.

उन्हाळ्यात येतो म्हणालास आणि तोंडही दाखवलं नाहीस. ईस्टरला आलास तेव्हा सारखा खोकत होतास. डॉक्टरला दाखवलंस का, ते सरळ लिही. आई गेल्यापासून मला तुझ्याशिवाय कोण आहे? खारवलेल्या काकड्यांची बरणी पाठवली आहे.

माया पातळ होऊ देऊ नकोस.
तुझी ग्लाशा

मॉस्को, ३ ऑक्टोबर

चि. ग्लाशास अ. उ. आ.

खोकला केव्हाच पळाला. मी ठणठणीत आहे, उगाच जीव टांगणीला लावू नकोस. बातमी अशी, की तुझा भाऊ हलत्या चित्रात गेला! जमीनदारांची टर उडवणारी ती कादंबरी बाबा वाचून दाखवायचे ना, तिचंच चित्र. एवढं जाडजूड पुस्तक, पण रेल्वे कामगारांच्या क्लबात चार पडदे टांगून पटकन गुंडाळलं. मी चिक्कू म्हातारा, माझ्या नाटकमंडळीतला आपला पोर्फिरी माझा पाहुणा. नाटकात शब्द चुकला की मागून दटावणी येते; इथे आवाज उमटतच नाही. ओठ हलले की झालं. आम्ही आपल्या घरच्या गप्पा मारत काम उरकलं.

तिकडे लागलं तर जा आणि पोट धरून हस. नाताळात येतोच.

लोभ आहेच, तो वाढव.
तुझा सावेली

कलुगा, २० नोव्हेंबर

ती. दादास शि. सा. न. वि. वि.

काल शेजारच्या अगाफ्याबरोबर चित्र पाहिलं. फाटक्या झग्यात तू आलास आणि सगळे हसले, असं ती म्हणाली. मला कुठलं ऐकू येणार? लहानपणी तापात माझे कान गेले, तेव्हा तूच समोर बसवून ओठ वाचायला शिकवलंस. हे कसं विसरलास? पडद्यावर तर माणूस भिंतीएवढा दिसतो.

पोर्फिरीपुढे वाळका पाव सरकवत तू म्हणालास, “रक्त पडतंय रे. डॉक्टर म्हणतो, वसंत काही दिसायचा नाही. ग्लाशाला कळू देऊ नकोस. बहिरी पोर, एकटी काय करेल?” पोर्फिरी रडायला लागला. लोकांना वाटलं, पाव घशात अडकला.

मी पुन्हा तिकीट काढलं. पुन्हा तेच शब्द.

फार राग आला, दादा. रात्रभर रडले. शुक्रवारच्या गाडीने निघते आहे. येऊ नको म्हणून लिहू नकोस, पत्र यायच्या आत मी तिथे असेन. एकटी काय करेन ते नंतर बघू. आत्ता तुझी खोली ऊब धरेल, सूप होईल, आणि मी तुझ्याजवळ बसेन.

बोलताना तोंड माझ्याकडे कर, एवढंच मागणं.
तुझी ग्लाशा