मागून घेतलेली

३ मार्च

चि. धाकटीस, अ. उ. आ.

आधी तक्रार. तू पत्राला टाचणी लावतेस. पाकीट फोडताना ती माझ्या उजव्या अंगठ्यात घुसली. गेली तेवीस वर्षं याच अंगठ्याने मी बाळांच्या नावांच्या कोशाची पानं उलटतो, अर्थ आणि उगम तपासतो आणि खोटी नावं कापतो. आता त्यावर पट्टी आहे आणि कचेरीतला टंकलेखक मला शूरवीर म्हणतो. यापुढे डिंक वापर.

आता तुझं काम. नातीला तुझंच नाव ठेवायचं, पण सूनबाईंची अट अशी की अर्थाला पुरावा हवा. ग्रंथपाल त्या, पुराव्याशिवाय त्यांना सासूसुद्धा मान्य नाही. आई सांगायची तो अर्थ, 'मागून घेतलेली', कोशाच्या शिक्क्यासह लिहून दे म्हणतेस. तोही बाराला नोंदणीचा अर्ज भरायच्या आत.

अकरा शब्दकोश पाहिले. नाव कुठल्याच भाषेत नाही. उगम मात्र ठाऊक आहे, कारण मी तिथे होतो. माझ्या पाठची तिसरीही मुलगीच म्हटल्यावर बाबा दवाखान्यातून परस्पर कामावर गेले. आई शुद्धीत नव्हती. कारकुनाला रकाना भरायचा होता, त्याने नऊ वर्षांच्या मला विचारलं. समोरच्या कंपाउंडरची कुत्री त्याच आठवड्यात मेली होती. मी तिचं नाव सांगितलं. अर्थ आईने मागाहून जोडला.

खोटा दाखला मी देत नाही; बहिणीला दिला तर उद्या गाव रांग लावेल. लोभ शिल्लक राहिलाच, तर टाचणीशिवाय कळव.

तुझा,
दादा

९ मार्च

ती. दादास, सा. न. वि. वि.

उत्तर सगळ्यांसमोर वाचायचं ठरलं होतं, म्हणून चष्मा लावून मोठ्याने वाचत गेले. कुत्री आली तेव्हा थांबायला उशीर झाला होता. सूनबाई टाके दुखेपर्यंत हसली. मुलगा पाणी प्यायला आत गेला आणि तिथे हसला.

नातीचं नाव आता तुझ्याच कोशातलं ठरलंय. पान दोनशे बारा, खालून पहिलं, अर्थ 'पहाटेचा उजेड'. मामांनी तपासलंय म्हणजे प्रश्नच नाही, असं सूनबाई म्हणते.

एकच विचारायचं होतं. बावन्न वर्षं या नावाला ओ देते आहे. ती कुत्री स्वभावाने कशी होती?

डिंक लावला आहे. माया पातळ होऊ देऊ नकोस.

धाकटी

१४ मार्च

चि. धाकटीस, अ. उ. आ.

अंगठा बरा आहे. कुत्री चांगली होती. कुणी ये म्हटल्याशिवाय उंबरा ओलांडत नसे, आणि तिला कुणी ये म्हणत नसे. मी शाळेतून येईपर्यंत फाटकाशी बसून राहायची. कारकुनाने विचारलं तेव्हा मला आवडणारं तेवढं एकच नाव माहीत होतं. हे मागच्या पत्रात लिहायचं राहिलं. विनोद चांगला जमत होता.

पान दोनशे बाराचं असं आहे. सहाव्या आवृत्तीत तिथे एक ओळ कमी पडली आणि छापखाना खोळंबला. ते नाव मी बसल्या बसल्या बनवलं, अर्थही. उजेड कुठेही खपतो. अर्ज तर आता गेलाच असेल.

नवी आवृत्ती काल छपाईला गेली. ती ओळ खोटी म्हणून कापली. पहिली प्रत सूनबाईंच्या ग्रंथालयाला जाईल.

रिकाम्या जागी तुझं नाव घातलं आहे. अर्थ: मागून घेतलेली. उगम: घरगुती. अनुक्रमाने त्याची जागा तिथे नाही. मी ये म्हटलं.

तुझा,
दादा