घर क्रमांक ४१२

सोमवार, ५ मे २०२५, सकाळी १०.४०
मंडळाच्या कचेरीत माझी खुर्ची ओल्या फडक्यानं पुसत होतो, तेवढ्यात तोतारामनाना चहा घेऊन आले. नाना आमच्या समाजाच्या मंडळाचे चिटणीस, निवृत्त मास्तर. डिप्लोमा अर्धवट सोडलेल्या धुळ्याच्या मुलाला जळगावात काम मिळालं, यावर माझाच अजून विश्वास बसत नाही. समाजातल्या सगळ्या घरांची वही संगणकात उतरवायची आणि प्रत्येकाला लॉगिन द्यायचं. खोली मेहरूणला मिळाली, खिडकीतून तलाव दिसतो. दुपारी एकला आईचा फोन आला. जेवलास का, काय जेवलास, भाजीत तेल किती होतं. रोज एकलाच करीन म्हणाली. इथे ओळखीचं कुणी नाही, त्यामुळे बरं वाटलं.

बुधवार, ७ मे
रचना ठरली. एका टेबलात घरं, दुसऱ्यात माणसं. प्रत्येक माणसाच्या ओळीत त्याच्या घराचा क्रमांक असतो आणि त्यावरून दोन्ही टेबलं जोडली जातात. घराशिवाय माणूस नोंदवता येत नाही, आणि एका माणसाला एकच घर. हा नियम मीच घातला, नाहीतर लग्न झालेल्या मुली दोन्हीकडे मोजल्या जातात. नाना म्हणाले, चाळीस वर्षं मास्तरकी मी केली, पण छडी तुझ्या हातात शोभते. लॉगिन हवं असेल त्यानं अर्ज करायचा. विचारणा कुटुंबप्रमुखाच्या मोबाइलवर जाते. प्रमुखानं 'हा आमचा' असं कळवलं की लॉगिन सुरू.
आमचं घर ११२७. वडील गेल्यापासून प्रमुख आई, खाली मी आणि धाकटी बहीण रत्ना.

शुक्रवार, ९ मे
वहीतल्या काही पानांवर तिरकी लाल रेघ आहे. ज्या घरात कुणीच उरलं नाही, त्या पानावर नाना रेघ मारतात. पान फाडत नाहीत, क्रमांकही दुसऱ्याला देत नाहीत. रिकाम्या घरात कुणाला बसवायचं नसतं, म्हणाले.
दुपारी लॉगिन तपासायचं होतं. नांदत्या घराची नोंद बिघडू नये म्हणून माझीच ओळ घेतली आणि ११२७ खोडून ४१२ टाकला. लाल रेघेचं घर. अभिमन, बायको मंजुळाबाई, मुलगी हेमांगी. तिघंही अकरा वर्षांपूर्वी एरंडोलच्या रस्त्यावर अपघातात गेले. प्रमुख हयात नसेल तर अर्ज अडकून राहतो का, एवढंच पाहायचं होतं. अभिमन यांच्या नोंदीत मोबाइल क्रमांकसुद्धा नाही.
दुपारी ३.१२ ला अर्ज मंजूर झाला.

शनिवार, १० मे
माझीच चूक असणार. सगळं तीनदा वाचलं. चूक सापडली नाही.
परत ११२७ टाकला. उत्तर आलं, घर सोडायला प्रमुखाची मंजुरी हवी. हा नियम मी घातलेला नाही. व्यवस्थापकाच्या लॉगिननंही तेच. विचारणा पाठवली. नामंजूर.
नात्याच्या रकान्यात मी 'चाचणी' लिहिलं होतं. आता तिथे 'पुत्र' आहे.
एकला आईचा फोन आला नाही.

सोमवार, १२ मे
काल मीच आईला फोन केला. कोण बोलतंय, विचारलं. मी नवल, तुझा मुलगा, म्हटलं. रागावली नाही. चुकीचा नंबर लागला भाऊ, म्हणाली आणि हळूच ठेवला.
११२७ उघडलं. माणसं दोन. आई आणि रत्ना.
आज नाना म्हणाले, बापावर गेलास अगदी, अभिमननंही कधी कुणाचं ऐकलं नाही. माझे वडील वेगळे, असं सांगायला लागलो तर हसले. दुपारी कपाटातून वही काढली. ४१२ च्या पानावर रेघ नाही. खोडलेली नाही — कधी नव्हतीच अशी.

मंगळवार, १३ मे
धुळ्याला जाऊन आलो. आई ओट्यावर डाळ निवडत होती. मला पाहून पदर सावरला, परक्या माणसासमोर सावरते तसा. "कोना पोऱ्या शे रे भाऊ तू?" रत्नानं पाण्याचा तांब्या आणून ठेवला आणि दाराआड उभी राहिली. हातावरचा भाजल्याचा डाग दाखवला. भाजलं तेव्हा आईनंच त्यावर रात्रभर फुंकर घातली होती. तिनं हात धरून पाहिला. म्हणाली, "तुनी माय कितली रडनी व्हई!"
पाणी प्यालो. निघालो.

बुधवार, १४ मे
एकला फोन वाजला. पडद्यावर नंबर नाही. बाईचा आवाज. जेवलास का.
मी हो म्हणालो. का म्हणालो —
दुसरं कुणी विचारलंच नव्हतं.

गुरुवार, १५ मे
पासवर्ड चालत नाही. ओळख पटवा म्हणतं. आईचं नाव सांगा.
टाकलं. चुकीचं उत्तर.
एकेक अक्षर तपासून पुन्हा टाकलं. चुकीचं. एकच संधी उरली. ती गेली की मी कायम ४१२ मध्ये. आत गेलो तर निदान पुन्हा विचारणा पाठवता —
उत्तर मला माहीत आहे. फक्त आत शिरण्यापुरतं. मनातून नाही.
मंजुळा.
उघडलं.
हात विचारणा पाठवायची घाई करतो आहे — नको. आधी इथे लिहून ठेवतो. नीट, काना-मात्रा न चुकवता. माझ्या खऱ्या आईचं नाव