आईची बादली आणि साहेबाची टोपी

ती. ताईस,

साष्टांग नमस्कार (गुडघ्यांमुळे कागदावरच घालते). तुझी कंबर आता कशी आहे? माझं विचारू नकोस, सांगतेच.

स्वातंत्र्यलढ्यातल्या साध्या माणसांवरच्या त्या सिनेमाचं चित्रीकरण आपल्या घरात सुरू झालं आणि माझी झोप उडाली. ही करणी तुझी. आईने गॅलरीतून गोऱ्या साहेबाच्या डोक्यावर मुद्दाम धुण्याचं पाणी ओतलं, ही गोष्ट तूच दिग्दर्शकाला फोनवर रंगवून सांगितलीस. मी त्याला स्पष्ट सांगितलं, की बाई धुणं धूत होती, तिने पाणी फेकलं, खालून साहेब जात होता. यात लढा कसला? तो म्हणाला, "मावशी, तुम्ही फार रुक्ष आहात." (आहेच. जन्मभर पोरांचे निबंध तपासल्यावर दुसरं काय होणार?)

आता घरात पाय ठेवीन तिथे वायरी. माझ्या पलंगावर क्रांतिकारक घोरतात, आणि चहाला सरकारी शिपाई आणि देशभक्त एकाच रांगेत. आईचं काम करणारी मुलगी गुणी आहे, पण बादली उचलायच्या आधी नखं बघते. मोरीजवळून फेकते, पाणी गॅलरीतच सांडतं. काल दिवसभर साहेब कोरडा. शेवटी दिग्दर्शक वैतागला. म्हणे हा प्रसंग नायकालाच देऊ, तो गच्चीवरून उडी मारून टोपी उडवेल. म्हणजे एवढ्या लढ्यात आईच्या वाट्याला एक बादली आली, तीही त्या मिशीवाल्या नायकाच्या घशात.

माझं डोकं फिरलं. मीच बादली भरून पाणी फेकून पाहिलं. ताई, मोरीपासून रस्त्यावर थेंबही जात नाही. बादली पार कठड्याच्या कोपऱ्यापर्यंत न्यावी लागते, आणि माणूस नेमका खाली येईपर्यंत धरून उभं राहावं लागतं. धुणं धुणारी बाई अशी उभी राहत नाही. तेव्हा तुझंच खरं. (हे वाक्य नातेवाइकांत वाचून दाखवू नकोस.)

दिग्दर्शकाला हे दाखवलं. सोमवारी एकदा पाहू म्हणाला. चेहरा मुलीचा, हात माझे.

तुझी,
धाकटी

ता. क. आईची पितळी बादली तुझ्याकडे आहे. तिची तू कुंडी केली आहेस, ठाऊक आहे. झाड उपट आणि बादली पाठव.

पुन्हा ता. क. साहेब झालेला नट त्या जाड कोटात उन्हाने आडवा झाला. पाठमोरं उभं राहायला आमच्या ह्यांना घेतलंय. टोपी घालून आरशापुढून हलत नाहीत. पाणी कोण ओतणार, ते अजून त्यांना सांगितलेलं नाही.