वरून माहं घर दिसते का?

माय, काल मी विमानात बसलो. इतकी वर्षं विमानं दुरुस्त करणारा माणूस जमिनीवरच राहिला, हे ऐकून तू हसली असतीस. चंद्रपूरजवळच्या विमानशाळेत शिकाऊ पोरांची छोटी, पंख्याची विमानं मी खोलतो, पुसतो, पुन्हा जोडतो. इंजिन म्हणशील तर भातगिरणीच्या इंजिनाचंच भावंड. आत दट्ट्या खालीवर होतो, नाकावरचा पंखा फिरतो. जेटच्या गप्पा मारणारे याला खटारा म्हणतात, तेव्हा माझं डोकं फिरतं. जेटला लांबलचक, गुळगुळीत पट्टी लागते. हे मात्र अधूनमधून, पुरानं रस्ते तुटले तरी, डॉक्टरला घेऊन आपल्या गावाबाहेरच्या मुरमाच्या धावपट्टीवर उतरायचं.

ती चैत्रातली सकाळ आठवते. धावपट्टीभर तू मोहफुलं वाळत घातलेली. एवढी सपाट जागा सरकारनं मोह वाळवायलाच केली, अशी तुम्हा बायकांची खात्री. विमान डोक्यावर घिरट्या घालतंय आणि तू पदर हलवून त्याला जोहार करतेयस. जागा मोकळी करा म्हणून वैमानिक बिचारा फिरतोय, तुला वाटतंय तुलाच बघायला आलाय. शेवटी चौकीदार ओरडत धावला, आम्ही सगळ्यांनी मिळून फुलं झाडून बाजूला केली. विमान उतरल्यावर तू कमरेवर हात ठेवून वैमानिकाला गाठलंस.

“एवढं मोठं आभाळ हाये तुमाले, मंग माह्या मोहावरच काऊन उतरून राह्यले?”

तो पोट धरून हसला, तसा तुझा राग पळाला. हळूच विचारलंस, “भाऊ, वरून माहं घर दिसते का?”

“पुढच्या खेपेला बसा बाई, दाखवतो.”

ती खेप आलीच नाही. पूल झाले, विमान यायचं थांबलं, पट्टीवर झुडपं वाढली. तरी लांबून घरघर ऐकू आली की तू चुलीवरचा भात सोडून अंगणात यायचीस. तुझी हौस राहून गेली, हे मला अजून खुपतं. म्हणून काल, इंजिन जोडून झाल्यावर तपासणीची फेरी ठरली, तेव्हा मीही आत बसलो आणि वैमानिकाला म्हटलं, साहेब, जरा आमच्या गावावरून घ्या ना.

हे पत्र कुठं टाकणार? माझ्याजवळच राहील. पण तुला एक सांगतो. घर पहिल्याच फेरीत दिसलं, कौलं, विहीर, सगळं. वैमानिकानं विचारलं, “दिसलं का?” मी म्हटलं, “नाई जी.” त्यानं विमान पुन्हा वळवलं, पुन्हा विचारलं. पेट्रोल संपत येईपर्यंत मी नाईच म्हणत राहिलो, माय.