दादाने काढलेली धून

४ फेब्रुवारी
कडाक्याचं भांडण! सिनेमाचं शेवटचं मिक्सिंग चालू होतं. मेलेल्या मुलाच्या खोलीत बाप जाऊन बसतो, त्या प्रसंगासाठी मी दीड महिना घासून धून बांधली – दादाने सरळ काढून टाकली! खोलीतला पंखा आणि बापाचा श्वास, बस्स. म्हणे, "तुझं संगीत बापाच्या आधीच रडून मोकळं होतं." बावीस वर्षं संगीत माझं, बाकी सगळे आवाज त्याचे. आणि हे दिग्दर्शकासमोर! "मग यापुढे पंखेच लाव सगळीकडे," म्हटलं आणि निघून आले.

१० फेब्रुवारी
दादाचे दोन फोन. घेतले नाहीत.

११ फेब्रुवारी
वहिनीचा फोन. दादाला पॅरॅलिसिसचा झटका.

१६ फेब्रुवारी
जीव वाचला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. मला बघून नुसता "अं... अं..." करत राहिला. मी "हो दादा, हो" म्हणत राहिले. कशाला हो म्हणत होते, देव जाणे.
जिन्यात वहिनी म्हणाली, "अगं, तू फोन घेईनास, तर म्हणाले, उद्या तिच्या घरीच जाऊन बसतो."
तो उद्या म्हणजे अकरा तारीख.

२ मार्च
दिग्दर्शक म्हणाला, आता मिक्सिंग तुम्हीच पुरं करा, तो प्रसंगही हवा तसा करा. दादाच्या खुर्चीत बसले. ती माझ्या उंचीला लावून घ्यायचा धीर होईना.
धून परत घातली. बरं वाटलं – स्वतःचंच कौतुक! मग काढून ऐकलं. बापाचा श्वास मध्येच एकदा अडखळतो. इतक्या वेळा बघूनही मला ऐकू आला नव्हता! माझ्याच व्हायोलिनखाली दबला होता.
दादाचंच बरोबर होतं. सांगू कुणाला? त्याला सांगितलं तरी पोचेल का?
धून काढली.

२० एप्रिल
पहिला खेळ. दादाला व्हीलचेअरवरून आणलं, रांगेच्या कडेला बसवलं. तो प्रसंग आला. अख्खं थिएटर चिडीचूप. आणि दादा गुणगुणायला लागला – माझी धून! पहिल्यापासून शेवटपर्यंत, एक सूर इकडचा तिकडे नाही. लोक वळून बघायला लागले. कुणीतरी "शूऽऽ" केलं. वहिनी त्याच्या तोंडावर हात ठेवायला गेली, मी तिचा हात धरला.
बाहेर आल्यावर ती म्हणाली, "एक शब्द फुटत नाही गं, आणि हे कसं येतं?"
दादा माझ्याकडे बघत होता. रागाने की मायेने, कळलं नाही.

२९ एप्रिल
स्पीच थेरपिस्ट म्हणाली, गुणगुणता येतंय ना, मग शब्द सुरात घालून द्या, कधी कधी येतात. नव्या सिनेमाला नाही म्हणून कळवून टाकलं. सकाळी दादाजवळ बसून वहिनीच्या नावाला चाल लावली. तीन अक्षरं, तीन सूर.
दुपारपर्यंत दोन अक्षरं आली.