चोपड्याकडची बाई

आबा, तुम्ही गेलात तेव्हा मी पोलिसांसाठी काम करत होते. खून कसा झाला यावरून तो करणारा माणूस कसा असेल, हे सांगायचं काम. माझे अहवाल फारसं कुणी उघडत नसे. आता तेच मी एका चॅनलसाठी कॅमेऱ्यासमोर बसून सांगते, आणि जळगावच्या बाजारात भाजी घेतानाही बायका ओळखतात.

धुळ्याच्या पोलीस लाइनीतलं आपलं स्वयंपाकघर आठवतं. प्रेत बघून आलात की तुम्ही आधी मोरीत अंघोळ करायचात, मग ताटावर बसायचात. कॉलेजात असताना मी एकदा विचारलं, "शिंदखेड्याच्या त्या बाईला कसं मारलं हो?" तुम्ही भाकरी मोडता मोडता थांबता. "तिची लेकरं अजून जेवली नसतील," म्हणता, "आणि तुला गोष्ट पाहिजे?" आई भाजी वाढत राहते. पुढे मी हाच विषय शिकायला घेतला, तेव्हा मात्र तुम्हीच साहेबलोकांना सांगत होतात, "आमची मुलगी माणसाचं मन वाचते."

गेल्या महिन्यात दुपारी दार वाजलं. चोपड्याकडची एक बाई, एकटीच, हातात केळीची फणी. तिच्या मुलीच्या खुनावर मी कार्यक्रम केला होता. पाण्याचा पेला न पिता तसाच धरून ती म्हणाली, "मनी पोर कशी मरी गयी, ते तू बठ्ठं, सगळं सांगं. गावमा पोरं मोबाइलवर लावतस. तुना आवाज उना का मी कान झाकी लेस. आते बंद करी दे, ताई."

मी तिच्यासमोरच चॅनलला फोन लावला. त्यांनी संध्याकाळपर्यंत व्हिडिओ काढलाही. पण तोवर लोकांनी तो उतरवून घेतला होता, त्याचे तुकडे केले होते, कुणी मागे संगीत घातलं होतं. एक काढायला लावावा तर दुसरा दिसतो. तक्रारींना उत्तर येत नाही. हे सगळं तिला फोनवर सांगितलं, तर ती म्हणाली, "कालबी लावेल व्हतं."

तिच्या मुलीला मारणाऱ्या माणसासमोर मी तुरुंगात दिवसचे दिवस बसले आहे. त्याचं बालपण, त्याचा बाप, सगळं मला पाठ. त्याने मारलेल्या मुलीचं फक्त वय ठाऊक होतं. उद्या पुढच्या भागाचं चित्रीकरण आहे. नको म्हणणार होते, पण चॅनलवाले म्हणतात, तुम्ही नाही केलं तर ज्याला यातलं काही कळत नाही असा कुणी करेल. आणि ते खरं आहे, आबा. तुम्हाला विचारलं असतं.

हे तुमच्यापर्यंत पोचणार नाही, म्हणून सांगते. त्या दुपारी दार उघडलं, तिने "टीवीवाली ताई तूच शे ना?" म्हणत फणी पुढे केली, तेव्हा मी केस सावरले आणि हसले. मला वाटलं, सोबत फोटो काढायला आली आहे.