मधल्या चित्रांतला लांडगा

प्रिय ससोबा,

अक्षर ओळखून पत्र बिळाबाहेर फेकू नकोस. वीस वर्षं तुझ्यामागे धावलोय, तेवढ्या ओळखीवर दोन मिनिटं दे.

मी शिकार सोडली आहे. आज बावीस दिवस झाले. बायको म्हणते, जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही. पण रोज बीट किसून तीच ठेवते. बीट खाऊन माझं तोंड लालभडक होतं आणि शेजारच्या खारी धडाधड दारं लावून घेतात. करणार काय, गाजरं तू शिल्लक ठेवत नाहीस.

तुला हे कळलं नसेल, कारण आपल्या कार्टूनच्या चित्रकार बाई अजून आपली पळापळच काढतात. प्रत्येक दृश्याचं पहिलं आणि शेवटचं चित्र त्यांच्या हातचं. मधली चित्रं हाताखालची माणसं घाईघाईत भरतात, आणि तिथे आपल्याला जरा मनासारखं वागता येतं. मी तिथेच पावलं आखडती घेतो. परवा तू दम न लागता बिळाशी पोचलास आणि मिशीला पीळ देत बसलास, ते त्यामुळे. असो, मिरव.

मंगळवारचं मात्र खरं आहे. तू मुळाला अडखळलास आणि माझा जबडा आपोआप उघडला. तुझ्या कानाचं टोक दातांत आलं. मी लगेच सोडलं, पण तू ज्या नजरेने पाहिलंस, त्यानंतर मला घास गेलेला नाही. मला फार लाज वाटते, ससोबा.

लिहायचं कारण उद्याचं दृश्य. तू पुलावर असताना पूल तुटतो. बाईंनी शेवटासाठी दोन वेगवेगळी चित्रं काढून टेबलावर ठेवलीत, ती मी वाकून पाहिली. एकात तू दरीत आहेस, दुसऱ्यात माझ्या तोंडात. पण त्या दुसऱ्यात मला दात काढलेले नाहीत. मी माझी पिल्लं मानगुटीला अलगद धरून उचलतो, तसं तुला उचललंय. मधली चित्रं जिकडे झुकतील, ते चित्र बाई ठेवणार. दरीत पडूनही तू मरायचा नाहीस, पुढच्या दृश्यात कान झटकत येशील, हे मला ठाऊक आहे. पण माझ्यापेक्षा तुला दरी बरी वाटली, तर ते मला सोसवणार नाही. उद्या मी जबडा उघडीन, तेव्हा मागे सरकू नकोस.

तुझाच,
लांडगेदादा